याडीचं दोन खोल्यांचं घर

ज्या मालिकेविषयी लिहिते आहे तिचं नाव सांगत नाही. पहिल्या वर्षानंतर त्या नावाचा आणि गोष्टीचा काही संबंध उरला नव्हता, त्यामुळे वाचणाऱ्याचं त्यात नुकसान नाही. सुरू झाली तेव्हा ती एका बंद पडलेल्या कारखान्यातल्या कामगाराच्या घरची गोष्ट होती. दोन खोल्या, पत्र्याचं छप्पर, खोकणारा बाप, पापड लाटणारी आई, औषधांच्या दुकानात कामाला जाणारी मोठी मुलगी आणि नोकरी मिळवण्यापेक्षा ती नाकारण्यात हुशार असलेला मुलगा. सुरुवातीचा एक अख्खा भाग नुसत्या रॉकेलच्या रांगेचा होता. आई रांगेत उभी राहते, रांग सरकते, आणि तिचा नंबर येतो तेव्हा रॉकेल संपलेलं असतं. बस, एवढंच. तो भाग लिहिणारा माणूस कधीतरी रांगेत उभा राहिलेला असणार, याबद्दल मला शंका नाही. पुढे त्या माणसाचं काय झालं, याचंच मला कुतूहल होतं.

मी तेव्हा यवतमाळच्या एका कॉलेजात तासिका तत्त्वावर मराठी शिकवत होते आणि साहित्य शिकवणाऱ्यांनी मालिका जशा बघायच्या असतात तशाच बघत होते. म्हणजे रोज, पण नावं ठेवत. बाबा तहसील कचेरीतून निवृत्त झालेले. ते मालिका बघत नाहीत असं त्यांचं म्हणणं होतं. मालिका सुरू झाली की ते समोर पेपर धरून बसायचे आणि संपेपर्यंत पेपरचं पान उलटत नसे.

आता काकूविषयी. माझे काका, म्हणजे बाबांचे धाकटे भाऊ, आर्णीच्या पुढच्या आमच्या गावी शेती बघायचे. ते गेले हृदयविकारानं. हे मुद्दाम लिहिते, कारण त्या वर्षांत आमच्या जिल्ह्यात कुणी कापूस पेरणारा माणूस गेला म्हटलं की ऐकणारा पुढचा प्रश्न गिळून टाकायचा आणि त्याच्या गप्प बसण्याचा खुलासा आपल्यालाच करावा लागायचा. काकांची मुलगी सासरी गेलेली. शेत काकूच्या नावावर झालं, आणि सगळ्यांनी गृहीत धरलं की ती आता ते मक्त्यानं देईल, वर्षाचे ठरलेले पैसे घेईल आणि यवतमाळला आमच्याकडे येऊन राहील. काकूनं ते गृहीत धरलं नाही. तिनं बियाणं आणलं आणि पेरलं.

बाबांना हे पटलं नव्हतं. ते वाईट माणूस नव्हते, फक्त थोरले होते. एकट्या बाईनं कापसाच्या मागे लागावं असे ते दिवस नाहीत, असं त्यांचं मत होतं, आणि त्या दिवसांकडे बघता ते मत खोडायला माझ्याकडे काही नव्हतं. शेवटी त्यांनी निकाल दिला. यंदाची वेचणी बघू. कापूस वेळेवर घरात आला तर ठीक. झाडालाच लोंबत राहिला तर पाडव्यापासून शेत मक्त्यानं. आमच्याकडे शेतीचं वर्ष गुढीपाडव्याला सुरू होतं, सालगडी त्याच दिवशी ठरतो आणि मक्ताही. कागदावर बाबांना हे सांगण्याचा काही हक्क नव्हता, पण घरातले निकाल कागदावर होत नसतात.

काकू यावर काही बोलली नाही, कारण तिला बोलता येत नव्हतं. बाबा तिचे भासरे, म्हणजे नवऱ्याचे थोरले भाऊ. आमच्या घरात धाकटी सून भासऱ्यासमोर पदर घेऊन पाठमोरी उभी राहते आणि त्यांच्याशी थेट बोलत नाही. काही सांगायचंच असेल तर मध्ये तिसरं माणूस लागतं. ‘तुह्या बाबाले म्हण, जेवाले वाढलं हाय.’ बाबा तिथंच, हातभर अंतरावर. तेही मलाच म्हणायचे, ‘तिला सांग, आलोच.’ या पद्धतीत जेवण वाढता येतं, भांडण करता येत नाही. बहुधा त्यासाठीच ती निघाली असावी.

दर रविवारी बाबा मला गावाला पाठवू लागले. म्हणायला काकूची चौकशी, खरं तर पाहणी. मी आर्णीपर्यंत एसटीनं आणि पुढे जीपनं जायचे. जीपमध्ये कापसाची बोचकी आणि माणसं यांच्यात भाडं सोडून काही फरक केला जात नसे. पहिल्या रविवारी पोचले तेव्हा शेतात सीतादही चाललं होतं. पहिल्या वेचणीआधी पऱ्हाटीच्या, म्हणजे कपाशीच्या झाडाची पूजा करून दहीभाताचा नैवेद्य दाखवायचा, मगच कापसाला हात लावायचा. दहीभात खाऊन बाया ओळींना लागल्या, वेचलेला कापूस ठेवायला कमरेला ओट्या बांधल्या, आणि मग मी जे ऐकलं त्यानं बाबांची पाहणी बाजूलाच राहिली.

काकू मधल्या ओळीत होती. कापूस वेचता वेचता ती मालिकेचा काल झालेला भाग सांगत होती.

हे नुसतं मन रमवणं नव्हतं. वेचणीच्या दिवसांत सगळ्यांचाच कापूस एकदम फुटतो आणि वेचणाऱ्या बाया त्याच असतात. कुणाच्या शेतात जायचं हे त्या ठरवतात. दर सगळीकडे सारखाच. मग एखादा शेतकरी जीप पाठवायचा, एखादा दुपारी चहा द्यायचा. काकूकडे जीप नव्हती, चहा तर सगळेच देऊ लागले होते. तिच्याकडे मालिका होती. गावात संध्याकाळी वीज नसायची. पण काकांनी मागे ठेवलेल्या वस्तूंत एक लहानसा काळापांढरा टीव्ही आणि एक बॅटरी होती, ती आर्णीहून भरून आणायची सोय तिनं करून ठेवली होती. सबंध गावात त्या मालिकेचा भाग बघणारी बहुतेक ती एकटीच.

अडचण एकच. वेचणी किलोवर असते, त्यामुळे प्रत्येक बाई आपल्या वेगानं पुढे जाते. सगळ्यात चपळ होती एक उंच, किडकिडीत बाई. ती कायम चार झाडं पुढे असायची. गोष्ट तिच्यापर्यंत पोचायची नाही, मग ती तिथूनच ओरडायची, “वहिनी, मोठ्यानं! पोरीले पाह्याले आले तिथवरच आली मी.”

“मांगं ये ना मंग,” मागच्या ओळीतली तांड्यावरची म्हातारी म्हणायची. “कापूस कुठं पयून राह्यला.”

“कापूस नाई पयत, पण माह्या पोटाले कोण घालन? तुही याडी?”

याडी म्हणजे गोरबोलीत, तांड्यावरच्या बंजाऱ्यांच्या बोलीत, आई. मालिकेतल्या आईला त्या म्हातारीनं पहिल्याच दिवशी याडी म्हटलं आणि तेच नाव पडलं. खरं नाव पुढे कुणी वापरलं नाही. काकूसुद्धा नाही. हळूहळू असं झालं की चपळ बाई जरा दमानं घ्यायची, मागच्या जरा हात चालवायच्या आणि सगळ्याजणी एका रेषेत पुढे सरकायच्या. याचा वेचणीवर काय परिणाम होतो हे मी संध्याकाळी काट्यापाशी उभं राहून पाहिलं. काही वाईट होत नव्हता. बाबांना तेवढं सांगितलं. बाकीचं सांगितलं नाही, कारण त्यांनी ते मजुरीच्या कोणत्या रकान्यात घालावं हे मला सुचलं नाही.

मग मालिका बदलू लागली. आधी मोठ्या मुलीला एका श्रीमंत घरचं स्थळ आलं. हे आम्ही सहन केलं. मग लग्न झाल्यावर सगळं कुटुंबच त्या व्याह्यांच्या बंगल्यात राहायला गेलं. व्याही असं कुणाला बोलावतात का, आणि बोलावलं तर कुणी जातं का, हे प्रश्न तिथे कुणाला पडले नाहीत. त्या बंगल्यात दिवाणखान्याच्या मधोमध एक जिना होता. माझं तेव्हापासूनचं निरीक्षण आहे, आणि ते अजून खोटं ठरलेलं नाही. मालिकेतल्या घरात जिना आला की त्या घरात पुन्हा कुणी काम करत नाही. माणसं जिन्यावरून उतरतात, अर्ध्यावर थांबतात, रेलिंगला हात लावून धक्कादायक काहीतरी ऐकतात आणि परत वर जातात. पापड गेले. रॉकेल गेलं. खोकणाऱ्या बापाचा खोकला जाहिरातींच्या दरम्यान कधीतरी बरा झाला आणि तो फिती कापू लागला. आईच्या अंगावर इतकी जड साडी आली की ती पापड लाटायला बसली असती तर तिला उठवायला माणूस लागला असता.

हे शेतात कसं उतरतं याची मला उत्सुकता होती. त्या रविवारी मी काकूच्या शेजारचीच ओळ धरली. बंगल्यात जाण्याचा भाग काकूनं प्रामाणिकपणे सांगितला.

“मंग तिथं भांडे कोण घासते?” चपळ बाईनं विचारलं.

“बाई असन.”

“कोण बाई? तिच्या घरचं सांगत नाईत?”

“नाई.”

“मंग याडी दिवसभर करते काय?”

काकूनं जरा विचार केला. “उभी राह्यते,” ती म्हणाली.

म्हातारीनं ओटीतला कापूस बोचक्यात रिकामा केला. “यात आता काई राह्यलं नाई व माय,” ती म्हणाली. दुपारनंतर सगळ्या आपापल्या वेगानं वेचू लागल्या. चपळ बाई चार झाडं पुढे गेली ती गेलीच.

पुढच्या रविवारी गेले तर पुन्हा सगळ्या एका रेषेत. आणि काकू सांगत होती की याडी परत आपल्या दोन खोल्यांत आली आहे. मी यवतमाळला सगळे भाग पाहिले होते. असं काही झालेलं नव्हतं. मी काकूकडे पाहिलं. तिनं माझ्याकडे पाहिलं नाही.

घरी जाताना विचारलं, तर म्हणाली, “बॅटरी उतरली ना. उतराले लागली का चित्र कडेनं बारीक होत जाते. आधी तो जिना दिसेनासा झाला. मंग बंगला. याडी तेवढी राह्यली मधात. मी म्हटलं, जाऊ दे, ईन ती घरी.”

तेव्हापासून त्या मालिकेच्या दोन आवृत्त्या झाल्या. यवतमाळला एक, आमच्या शेतात दुसरी. दोन्ही बघणारी-ऐकणारी मी एकटीच, त्यामुळे अभ्यासाची अशी संधी जिल्ह्यात दुसऱ्या कुणाला नव्हती. यवतमाळच्या आवृत्तीत मुलाचा हुबेहूब दिसणारा दुसरा मुलगा निघाला. शेतातल्या आवृत्तीत मुलाला एका जिनिंगमध्ये हमालीचं काम लागलं आणि त्यानं ते पहिल्या आठवड्यात सोडलं. यवतमाळला बाप इस्पितळात गेला आणि नव्या चष्म्यासकट परत आला. शेतात तो इस्पितळात गेला आणि वारला. ते ऐकताना मी वेचायची थांबले. काकूचे हात चालूच होते. बायांनी चुकचुक केलं. तेराव्याला काय काय केलं हे मात्र काकूनं फार सविस्तर सांगितलं. कोण आलं, कोण नाही आलं, भाजी कोणती होती. त्यात मालिकेतलं काहीच नव्हतं हे मला कळत होतं.

मधल्या काळात गावात एक अभ्यास पथक येऊन गेलं. त्या वर्षांत आमच्याकडे पाऊस कमी आणि पथकं जास्त पडायची. पांढऱ्या गाड्या, शाल, नारळ, मग ओळखपरेड, मग भाषण. शेत दाखवायची वेळ येईपर्यंत ऊन उतरलेलं असायचं. या पथकातली एक मुलगी मात्र खरोखर धुऱ्यावर, म्हणजे शेताच्या बांधावर येऊन बसली आणि तिनं बायांना विचारलं, गावात सगळ्यात अडचणीत असलेलं घर कोणतं. बायांनी एकमुखानं याडीचं घर सांगितलं. दोन खोल्या, छप्पर गळतं, नवरा गेला, पोरगा टिकत नाही. मुलीनं कळकळीनं विचारलं, त्यांची भेट होईल का? “संध्याकाळी होते,” म्हातारी म्हणाली, “बॅटरी असली तं.” मी मध्ये पडून खुलासा केला. मुलगी हसली, पण तिच्या चेहऱ्यावर जरा निराशाही होती. तिला हवं तसं घर शेवटी मिळालं होतं.

तेराव्याला आलेल्यांत काकूनं एक पात्र नवीन घातलं होतं, याडीचा भासरा. तेराव्यानंतर तो परत गेला नाही, गोष्टीतच राहिला. शांत, सभ्य, पांढऱ्या कपड्यातला माणूस. दर दोन दिवसांनी यायचा आणि म्हणायचा, दोन खोल्यांचा हा पसारा एकट्या बाईला कशाला? भाडेकरू ठेवू, भाडं तुला देऊ, तू आमच्या घरी ये, सुखानं खा. काकू त्याला वाईट रंगवत नव्हती. तो फळंसुद्धा आणायचा. बाबाही फळं नेतात.

“मंग याडी काय म्हणे?” बाया विचारायच्या.

“काई नाई. पदर घेऊन उभी.”

असे दोन आठवडे गेले. भासरा बोलतो आहे, याडी उभी आहे. आणि मग एका रविवारी मी शेतात पोचले तर वेचायला तीन बाया होत्या. म्हातारी, तिची नात आणि काकू स्वतः. बाकी शेत पांढरं झालेलं, बोंडांतून कापूस खाली ओघळून मातीला लागत होता. दुसऱ्या वेचणीचा ऐन भर. मी न सांगताही हे कसं दिसतं ते बाबांना कळणार होतं, कारण पुढच्या रविवारी ते स्वतः येतो म्हणाले होते.

काकूला कारण कळेना. दर तोच होता, चहा होता, गोष्ट होती. मी बांधाच्या पलीकडच्या शेतात गेले, तिथे चपळ बाई दुसऱ्याच्या ओळीत वेचत होती.

“मावशी, आमच्याकडं काहून नाही आलात?”

“काहून म्हणजे? वहिनी वावर देऊन राह्यली ना मक्त्यानं. मक्तेदार आपल्या बाया आनते. मंग तिसऱ्या वेचणीले आमी कुठं जाव? आधीच दुसरं शेत धरलेलं बरं.”

“काकू वावर देते आहे असं कोणी सांगितलं?”

“वहिनीनंच सांगतलं.”

“कधी?”

“दोन हप्त्यांपासून सांगूनच राह्यली. भासरा म्हणे दे, अन् याडी काई बोलली नाई. न बोलली म्हणजे देल्लंच ना, मॅडम?”

“अहो, ते टीव्हीतलं.”

कॉलेजात शिकवणाऱ्यांची कीव यावी तसं तिनं माझ्याकडे पाहिलं. “टीव्हीतलं तुमच्या घरी असन,” ती म्हणाली. “आमी का आज आलो?”

मी परत येऊन काकूला सांगितलं. ती धुऱ्यावर बसली. बराच वेळ ओटीतला कापूस चिवडत राहिली, त्यातली पानं काढत.

“मंग बोलू दे ना याडीला,” मी म्हटलं.

“भासऱ्यापुढं कशी बोलन ती?”

“गोष्टच आहे ना काकू.”

“गोष्टीतही भासरा भासराच असते,” ती म्हणाली. थोड्या वेळानं विचारलं, “तुहे बाबा पुढच्या रविवारी येऊन राह्यले ना? शेतात येतीन का घरीच बसतीन?”

“शेतात येतील. कापूस बघायला तर येतायत.”

“बरं,” काकू म्हणाली. मग म्हातारीला हाक मारली आणि सांगितलं, “तांड्यावर अन् गावात सांग, येत्या रविवारी याडी बोलनार हाय.”

त्या रविवारी बाबा आणि मी पोचलो तेव्हा झाडून सगळ्या बाया आल्या होत्या. चपळ बाईसुद्धा. बाबा धुऱ्यावर बाभळीखाली बसले, चष्मा पुसला आणि पेपर उघडला. शेताकडे एकदा नजर टाकून म्हणाले, “अर्धा कापूस खाली पडलाय.” अर्धा नव्हता, पण पडलेला होता. काकूनं त्यांना पाहून पदर पुढे ओढला, पाठ केली आणि मधली ओळ धरली. मी तिच्या शेजारी. रेषा अशी चालली होती की काकू बाबांपासून फार लांब जाणार नाही. ही योजना कुणाची ते मला माहीत नाही. बहुतेक म्हातारीची.

काकूनं सुरुवात केली. भासरा आला. केळी घेऊन आला. बसला. पाणी प्याला. म्हणाला, आता मी भाडेकरू बघून ठेवला आहे, पाडव्यापासून राहायला येईल, तू सही कर.

पाडव्याचं नाव आल्यावर बाबांचा पेपर जरा खाली आला.

“अन् याडी?” चपळ बाई.

“उभी होती. पदर होता.” काकूचे हात चालू होते, आवाजही वेचणीच्याच लयीत. “मंग म्हणे, भासरेबुवा, छप्पर गयते हे मले माईत हाय. कुठं कुठं गयते तेही माईत हाय. कोन्या जागी बकेट ठेवा लागते अन् कोन्या जागी भाताचा गंज, ते मले माईत हाय. भाडेकरूले नाई माईत. त्याचं सामान भिजन अन् मंग तो तुमाले बोलन.”

कुणीतरी हसलं.

“अन् म्हणे, तुमच्या घरी मी येईन. पाव्हणी म्हणून येईन, चार दिवस राहीन. पण तुमच्या घरी तहान लागली तं मले गिलास मागा लागन. इथं मी अंधारातही हात लांब केला तं गिलास सापडते.”

बोंडातून कापूस सुटतानाचा बारीक आवाज तेवढा येत होता.

“तसं झालं नाही,” बाबा म्हणाले.

सगळ्या वळल्या. काकू वळली नाही. बाबांनी पेपर मांडीवर ठेवला होता आणि ते माझ्याकडे बघत होते, कारण नियमाप्रमाणे त्यांनी मलाच सांगायला हवं होतं. “तिला सांग, त्या बाईनं सही केली. परवाच्या भागात. ते व्याही जुन्या घराचे कागद घेऊन आले आणि तिनं सही केली.” एवढं बोलल्यावर त्यांच्या ध्यानात आलं असावं की मालिका न बघणाऱ्या माणसाला हे माहीत असायला नको.

हे खरं होतं. यवतमाळच्या आवृत्तीत परवाच आईनं जुन्या दोन खोल्या व्याह्यांच्या नावावर करून दिल्या होत्या, जिन्याच्या पायथ्याशी, तीन वेगवेगळ्या बाजूंनी, रडक्या संगीतात.

बाया काकूकडे बघू लागल्या. काकू वेचत राहिली.

“मंग?” चपळ बाईनं काकूला विचारलं. “याडी बोलली त्यावर भासरा काय म्हणे? का सहीच केली तिनं?”

“मले काय माईत,” काकू म्हणाली. “तिथं बॅटरी उतरली.”

आणि ती पुढच्या झाडाला गेली. यापुढे तिला काही बोलता येणार नव्हतं, हे बाबांनाही माहीत होतं आणि तिलाही. मग म्हातारी कमरेवर हात ठेवून सरळ उभी राहिली आणि बाबांना म्हणाली, “बाबू, तुमच्याकडं लाईन जात नाई. तुमी सांगा, भासरा काय म्हणे?”

बाबांनी चष्मा काढला. मला वाटलं ते उठतील आणि जीप बघायला जातील. पण कचेरीत आयुष्य गेलेल्या माणसाला विचारलेल्या प्रश्नाला उत्तर न देता उठणं जड जातं.

“सही केली तिनं,” ते म्हणाले. “मी पाहिलं.”

“हव.”

“पण ती सही चालत नाही.”

“काहून?”

“साक्षीदार दोघेही व्याह्यांच्या घरचे. आणि कागद तिला वाचून दाखवला नाही, नुसता पुढं सरकवला. असा कागद माझ्या टेबलावर आला असता तर मी परत केला असता.” ते आता म्हातारीशीच बोलत होते, पण आवाज जरा मोठा होता, पाठमोऱ्या माणसापर्यंत जाईल इतका. “घर त्या बाईच्या नावावर आहे ना? मग तिच्या मनाविरुद्ध कोणी काही करू शकत नाही. भासरा तर नाहीच नाही. त्याचा त्यात काही संबंध येत नाही.”

“मंग घर कोनाचं?” चपळ बाईनं विचारलं. तिला ते स्वच्छ हवं होतं. तिसरी वेचणी यायची होती.

“तिचंच.”

“अन् पाडव्याले भाडेकरू?”

“येत नाही.”

“अन् भासरा?”

बाबांनी पेपरची घडी घातली. “भासरा घरी गेला,” ते म्हणाले. “त्याला एसटी होती.”

म्हातारी परत वाकली. “चांगला होता मंग भासरा,” ती म्हणाली.

“ठीक होता,” बाबा म्हणाले.

चपळ बाईनं ओटी बोचक्यात झाडली, आमच्या शेताच्या राहिलेल्या पांढऱ्या भागावर नजर फिरवली आणि कुणालाच उद्देशून नाही अशी म्हणाली, “उद्या लवकर या लागन. हे एक दिवसाचं काम नाई.” मग ती चार झाडं पुढे निघून गेली, आणि त्या दिवशी तिला कुणी मागे बोलावलं नाही.

काकू अजून पाठमोरीच होती. तिनं पदर नीट केला, हात मात्र थांबवले नाहीत. जरा वेळानं हलक्या आवाजात मला म्हणाली, “तुह्या बाबाले विचार, चहा इथंच आनू का घरी येता?”

बाबा हातभर अंतरावर होते. “तिला सांग,” ते म्हणाले, “इथंच चालेल.”